पाऊण पायरीचा स्वर



पत्रावर पत्ता लिहिताना आपण ‘मु. पो.’ लिहितो. मुक्काम पोस्ट अमुक, तालुका तमुक. यातला मुक्काम हा शब्द मूळचा अरबी. फारसीच्या वाटेने तो आपल्याकडे आला आणि इतका रुळला, की तो बाहेरून आलाय हे कुणाच्या ध्यानातही येत नाही. मुक्काम म्हणजे थांबण्याची जागा. अरबी भाषेत याच शब्दाचे सख्खे भावंड आहे ‘मकाम’, आणि तिथले लोक ते गाण्यासाठी वापरतात. आपल्याकडे जसे राग, तसे त्यांच्याकडे मकाम. आज आम्ही या मकामांचा इतिहास सांगणार आहोत. इतक्या दूरची गोष्ट का सांगतोय, हे ओघात कळेल.

आधी ओळखीचे शब्द पाहू, म्हणजे परकेपणा जाईल. अरबी गाण्यातले सगळ्यात मानाचे तंतुवाद्य म्हणजे ‘ऊद’. संध्याकाळी निखाऱ्यावर आपण ऊद घालतो ना, त्याचे नावही याच शब्दावरून आले. मूळ अर्थ लाकूड. आपला डफ त्यांच्याकडे ‘दफ’ आहे, आणि लग्नाकार्यात बायकाही तो वाजवतात. तबल्याचे नाव अरबी ‘तब्ल’ शब्दावरून आले. त्यांच्या एका मोठ्या मकामाचे नाव आहे ‘रास्त’. रेशनच्या दुकानावर ‘रास्त भाव दुकान’ अशी पाटी असते, त्यातलाच हा फारसी रास्त. अर्थ सरळ, योग्य. आणखी एक मकाम ‘सिगाह’. फारसीत ‘से’ म्हणजे तीन आणि ‘गाह’ म्हणजे जागा, ईदगाहमधला गाह. सिगाह म्हणजे तिसरी जागा, तिसरा स्वर. ‘हिजाझ’ हे नाव मक्का-मदिनेच्या प्रदेशाचे, तर ‘नहावंद’ हे इराणमधल्या एका गावाचे.

नावांवरूनच दिसते, की हे गाणे कुणा एका जमातीचे नाही. अरब, इराणी, तुर्क, कुर्द या सगळ्यांचे हात त्याला लागले. कुराणाचे पठण करणारे मकामात पठण करतात. सीरियातल्या ज्यू लोकांच्या प्रार्थनाही मकामात असतात, कोणत्या शनिवारी कोणता मकाम हे ठरलेले असते. तिथल्या ख्रिस्ती देवळांतही हेच सूर ऐकू येतात.

आता मकाम म्हणजे नेमके काय, ते आपल्या पेटीवर समजून घेऊ. पेटीवर खालच्या सा पासून वरच्या सा पर्यंत जायला बारा घरे चढावी लागतात. काळ्या-पांढऱ्या सगळ्या पट्ट्या धरून. शेजारच्या पट्टीवर गेलो तर अर्धी पायरी चढलो असे म्हणू. एक पट्टी सोडून पुढच्या पट्टीवर गेलो तर पूर्ण पायरी. पेटीवर अर्धी आहे, पूर्ण आहे, दीड आहे. पण पाव नाही आणि पाऊणही नाही. दोन पट्ट्यांच्या मधे बोट घातले तर हाताला नुसती फट लागते.

अरबी गाण्याचा जीव त्या फटीत आहे.

रास्त मकाम घ्या. सा पासून सुरू करायचे. आधी पूर्ण पायरी, मग पाऊण, मग पुन्हा पाऊण. तिसरा स्वर येतो तो आपल्या कोमल ग आणि शुद्ध ग यांच्या मधोमध. ‘बयाती’ नावाचा मकाम घ्या. त्यात आधी पाऊण, मग पाऊण, मग पूर्ण. हा मकाम फार घरगुती आहे, खेड्यापाड्यांतली कितीतरी गाणी याच्यात असतात. आता बयातीतली शेवटची पायरी पूर्ण न चढता अर्धीच चढा. पाऊण, पाऊण, अर्धी. झाला ‘सबा’ मकाम. वर जायला निघालेला गळा मधेच आवळल्यासारखा वाटतो. सबाला तिकडे दुःखाचा मकाम मानतात, त्याचे गुपित या एका अर्ध्या पायरीत आहे. हिजाझमध्ये मात्र अर्धी, दीड, अर्धी अशी चाल असते. ती आपल्या पेटीवर नीट वाजते, आणि आपल्या भैरव रागाचे पहिले चार स्वरही असेच चढतात. म्हणून अरबी गाणे कानावर पडले की हिजाझ आपल्याला लगेच जवळचा वाटतो आणि बयाती जरा वेगळा लागतो.

असे तीन-चार-पाच स्वरांचे लहान लहान गट असतात. त्यांना ‘जिन्स’ म्हणतात. धान्य, भाजी, ‘जिन्नस’ यातला जिन्नस हाच. दोन जिन्नस एकावर एक रचले की मकाम उभा राहतो. गाणारी व्यक्ती एका जिन्नसात घर करते, तिथून शेजारच्या मकामात जाऊन येते, आणखी पुढे जाते आणि शेवटी जिथून निघाली त्या मुक्कामाला परत येते. परत कशी येते, यावर ऐकणारे जीव टाकतात. त्या आनंदाला अरबीत ‘तरब’ म्हणतात. जाणकार श्रोते मधेच दाद देतात, ‘पुन्हा म्हणा’ असा आग्रह करतात, आणि गाणारी तीच ओळ वेगळ्या वळणाने पुन्हा म्हणते. आपल्याकडे भजनात हेच होते, नाही का?

आता मैत्रिणींनो, या पाऊण स्वराचा इतिहास ऐका.

तेराशे वर्षांपूर्वी मदिनेत जमीला नावाची एक गायिका होती. गुलामीतून सुटलेली बाई. तिच्या घरी गाणे शिकायला बायका येत आणि पुरुषही येत. माबद नावाचा त्या काळचा नामांकित गायक तिच्याच हाताखाली तयार झाला. पुढे बगदाद ही राजधानी झाली आणि गाण्याला दरबाराचा आश्रय मिळाला. दरबारात गाणाऱ्या पुष्कळ बायका मात्र विकत घेतलेल्या होत्या. त्यांना ‘कियान’ म्हणत. लहानपणी विकत घ्यायचे, गाणे आणि कविता शिकवायच्या, आणि मग चढ्या भावाने विकायचे, असा तो व्यापार होता. जिला जास्त गाणी पाठ, तिची किंमत जास्त. अरीब नावाची अशीच एक गायिका नवव्या शतकात होऊन गेली. एकामागून एक कितीतरी खलिफा आले आणि गेले, ही गातच राहिली. नव्वदीच्या पुढे जगली. तिच्या नावावर हजारभर रचना सांगतात. त्या काळात स्वर लिहून ठेवायची रीत सर्रास नव्हती. गाणे एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जायचे, आणि त्यातले पुष्कळसे गळे या बायकांचे होते. ज्यांना स्वतःच्या देहावर हक्क नव्हता, त्यांच्या आठवणीत एवढे मोठे धन सांभाळले गेले.

याच बगदादमध्ये आठव्या शतकात झलझल नावाचा ऊद वाजवणारा होता. ऊदला सतारीसारखे पडदे नसतात, पण त्या काळी बोट कुठे ठेवायचे याच्या जागा ठरलेल्या होत्या, आणि त्या जागांना बोटांचीच नावे होती. पहिल्या बोटाची जागा, मधल्या बोटाची, अंगठीच्या बोटाची. मधल्या बोटाच्या जुन्या जागेवरून येणारा स्वर एक होता, अंगठीच्या बोटाचा दुसरा. झलझलने मधले बोट या दोन्हींच्या मधे टेकवले. तिथून जो स्वर निघाला तो लोकांना इतका आवडला, की त्याचे नावच ‘झलझलचे मधले बोट’ असे पडले. हाच तो आपला पाऊण पायरीने येणारा स्वर. स्वर लोकांच्या कानात आधीपासून असणार, झलझलच्या बोटाने त्याला जागा दिली.

मग पंडित आले. दहाव्या शतकात अल-फाराबी नावाच्या थोर तत्त्वज्ञाने संगीतावर मोठा ग्रंथ लिहिला आणि झलझलच्या त्या जागेचेही तारेवर माप काढले. तेराव्या शतकात बगदादच्या सफी-उद-दीन उरमवीने सप्तकाची सतरा जागांत मांडणी केली. १२५८ साली हुलागूच्या मंगोल फौजेने बगदाद लुटले, जाळले, माणसे मारली. उरमवी त्यातून वाचला, हुलागूच्याच पदरी राहिला. पण उतारवयात कर्जात बुडाला, आणि १२९४ साली कर्जापायी तुरुंगातच मेला. शहर गेले, माणूस गेला, त्याची मांडणी मात्र पुढची कित्येक शतके अभ्यासक वापरत राहिले.

एकोणिसाव्या शतकात लेबनॉनमध्ये मिखाईल मिशाका नावाचे गृहस्थ होते. त्यांनी सप्तकाचे चोवीस सारखे भाग केले. बारा पट्ट्यांच्या जागी चोवीस. म्हणजे प्रत्येक भाग पाव पायरीचा. हिशेबाला हे सोपे पडते. पाव, अर्धी, पाऊण, एक. आम्ही आत्ता तुम्हाला मकाम समजावताना हाच हिशेब वापरला. शिकवायला तो फार सोयीचा आहे. पण गाणारी माणसे या हिशेबात पूर्ण बसत नाहीत. इजिप्तमधल्या गवयाचा सिगाह स्वर आणि तुर्कस्तानातल्या गवयाचा सिगाह एकाच उंचीवर नसतो, तुर्कांचा जरा वर असतो. एकाच माणसाच्या गळ्यात रास्तमधला सिगाह थोडा वर लागतो आणि बयातीमधला थोडा खाली. आपण म्हणतो ना, बारा कोसांवर भाषा बदलते, तसे हे आहे.

हा गुंता १९३२ साली उघड्यावर आला. इजिप्तच्या फुआद राजाने कैरो शहरात अरबी संगीताची एक मोठी परिषद भरवली. इजिप्त, इराक, सीरिया, तुर्कस्तान, ट्युनिशिया, अल्जीरिया, मोरोक्को इथून गवई, वादक, अभ्यासक आले. युरोपातूनही नामांकित मंडळी आली, त्यांत हंगेरीचे संगीतकार बेला बार्टोक होते. इराकहून मुहम्मद अल-कुब्बानची हा गायक आला, तो मुसलमान आणि त्याच्या साथीला बसलेले बहुतेक वादक ज्यू. त्या काळच्या बगदादमध्ये ही साधी गोष्ट होती. निरनिराळ्या समित्या नेमल्या. कुणी ताल पाहायचे, कुणी वाद्ये, कुणी शिक्षण. एका समितीवर काम आले स्वर मोजून कायमचे ठरवून टाकायचे.

ते काम काही जमले नाही. सप्तकाचे चोवीस सारखे भाग करा, म्हणजे शाळांत एकसारखे शिकवता येईल, असे काहींचे म्हणणे. आमच्याकडे स्वर तिथे लागतच नाही, असे दुसऱ्यांचे म्हणणे. मोजण्या झाल्या, वाद झाले, एकमत झाले नाही. पियानोवरूनही वाद झाला. पियानोतही आपल्या पेटीसारख्याच बारा पट्ट्या. काही जणांनी पाव स्वर वाजवणारे खास पियानो बनवून आणले होते. इजिप्तच्या पुष्कळ मंडळींना नवी वाद्ये हवी होती. देश पुढे जायचा असेल तर संगीतही नव्या जमान्याचे हवे, असे त्यांना वाटत होते. युरोपातून आलेले पाहुणे उलट म्हणत होते, पियानो आणू नका, तुमचे गाणे बिघडेल. यजमानांना हे टोचले. तुम्ही पुढे जा आणि आम्ही मात्र जुनेच राहायचे, हा कुठला न्याय? दोन्ही बाजूंच्या बोलण्यात तथ्य होते. पण परिषदेचे सगळ्यात मोलाचे काम वेगळेच ठरले. तिथे आलेल्या गवयांची गाणी तबकड्यांवर भरून ठेवली. वाद विरून गेले, ते आवाज आज नव्वद वर्षांनंतरही ऐकता येतात.

त्याच काळात इजिप्तमध्ये एका खेड्यातली मुलगी मोठी गायिका झाली होती. तिचे नाव उम्म कुलसुम. नाईल नदीच्या मुखाजवळच्या सुपीक मुलखात तम्माय अल-झहायरा नावाचे खेडे आहे, तिथली ती. वडील गावच्या मशिदीत इमाम. पोट भरेना म्हणून लग्नाकार्यात धार्मिक गाणी गायला जायचे. ते आपल्या मुलाला, म्हणजे तिच्या भावाला, गाणे शिकवत. ही बाजूला बसून ऐके. ऐकता ऐकता तिला सगळे पाठ झाले. वडिलांनी एक दिवस तिचा गळा ऐकला आणि तिलाही सोबत न्यायला लागले. पण मुलीने चारचौघांत गायचे म्हणजे लोक नावे ठेवणार. म्हणून तिला मुलाचे कपडे घालत, डोक्याला फडके बांधत. अशी ती गावोगाव गायली, आणि १९२३ च्या सुमारास कैरोला गेली.

मैत्रिणींनो, तिच्या पुढच्या गोष्टीत रेडिओ आहे, म्हणून आम्हाला ती जास्त जवळची. १९३४ साली इजिप्तचा सरकारी रेडिओ सुरू झाला, तेव्हा पहिल्याच दिवशी तिचे गाणे होते. १९३७ पासून दर महिन्याच्या पहिल्या गुरुवारी, हंगाम असेपर्यंत, तिची मैफल थेट रेडिओवर लागायची. कैरोतच नव्हे, इतर अरब देशांतही त्या रात्री लोक रेडिओभोवती गोळा व्हायचे, रस्ते ओस पडायचे. एकेक गाणे तासभर चालायचे. एकच ओळ ती पुन्हा पुन्हा घ्यायची, दर वेळी वेगळ्या मकामातून फिरवून आणायची. सिगाह किती वर आणि किती खाली, हे परिषदेत ठरले नाही. रेडिओ ऐकणाऱ्या शेतकऱ्याला, भाकरी थापणाऱ्या बाईला ते कानाने ठाऊक होते, कारण महिन्यामागून महिने त्यांनी ते ऐकले होते. १९७५ च्या फेब्रुवारीत ती गेली, तेव्हा कैरोच्या रस्त्यांवर लाखो लोक उतरले.

नव्या वाद्यांना तिने नाही म्हटले नाही. तिच्या ताफ्यात युरोपातली व्हायोलिने पुष्कळ होती. व्हायोलिनला पडदे नसतात, त्यामुळे पाऊण स्वर त्यावर सहज निघतो. १९६४ साली तिच्या एका गाण्यात इलेक्ट्रिक गिटारही आली. इजिप्तच्या वादकांनी तर अकॉर्डियनचे सूर बदलून त्यात पाऊण स्वर बसवले. आज बाजारात असे इलेक्ट्रिक कीबोर्डही मिळतात, ज्यांत बटण दाबले की स्वर पाव पायरी खाली सरकतो. वाद्य बाहेरून घेतले, आणि मग ते आपल्या गळ्याला जुळवून घेतले.

आता आपल्या घरी येऊ. पेटीही आपल्याकडे युरोपातून एकोणिसाव्या शतकात आली. आपल्याकडेही हाच वाद झाला. पेटीत आपल्या श्रुती बसत नाहीत म्हणून सांगलीच्या कृष्णाजी बल्लाळ देवलांनी १९१० च्या सुमारास स्वरांची मोजमापे मांडली, आणि बावीस श्रुतींची पेटी तयार करायची खटपट झाली. १९४० साली आकाशवाणीने पेटीला बंदीच घातली, ती तीसएक वर्षे टिकली. आज पेटी नाही असे भजनी मंडळ सापडणार नाही. पेटीने आपल्याला आधार दिला, एकत्र गायची सवय लावली. तिच्याशी आमचे भांडण नाही.

पण आमच्या केंद्रावर ओव्या, पाळणे, हादग्याची गाणी भरून घ्यायला बाया येतात, तेव्हा एक गोष्ट वारंवार दिसते. म्हाताऱ्या बाया एकट्या मोकळ्या गातात. पेटी सुरू झाली की अडखळतात. मग तरुण मुली हसतात, कुणीतरी म्हणते, आजी सूर सोडतात. आजी गप्प होतात आणि पुढच्या वेळी येत नाहीत. जात्यावर पेटी नव्हती. जात्याच्या घरघरीवर जो सूर बसला, तो बारा पट्ट्यांत बसेलच असे नाही. काही वेळा आजी खरेच बेसूर होत असतील, वय झाले, दम पुरत नाही. पण दर वेळी तीच जागा, तोच जरासा खालचा स्वर लागत असेल, आणि शेजारच्या आजीचाही तिथेच लागत असेल, तर तो त्या गाण्याचा स्वर आहे. त्याला चूक म्हणायचा हक्क पेटीला नाही.

तेव्हा बचत गटाच्या पुढच्या बैठकीत एवढे करा. हिशेब आटोपला, की गटातल्या सगळ्यात थोरल्या बाईला एक ओवी म्हणायला सांगा. मोबाईलवर भरून घ्या. तिचे नाव, माहेरचे गाव, ओवी कुणाकडून शिकली, हेही तिच्याच तोंडून भरा. मग दुसऱ्या गावाहून आलेल्या सुनेला तीच ओवी म्हणायला सांगा आणि दोन्ही सूर शेजारी ठेवून ऐका. कुठे वेगळे लागतात ते बघा. दुरुस्त करू नका.

भरलेले गाणे आमच्याकडे पाठवा, किंवा आजींना घेऊन केंद्रावरच या. येताना पेटी आणली तरी चालेल. फक्त आधी आजी गातील, आणि पेटीवालीने मागून यायचे.